पाच माणसं बसवून

“सर, एक काम करा. पाच माणसं बसवून बघा,” शेवटचा नट आवळता आवळता रसूल मिस्त्री म्हणाला.

“कशाला?”

“बघा तर.”

मी नुसता हसलो. तेव्हा मी सांगलीच्या एका तंत्रनिकेतनात मेकॅनिकलचा लेक्चरर होतो. नोकरीला तीन वर्षं झाली होती, म्हणजे माणसाला जगातलं सगळं येतं, त्या वयात मी होतो. रसूल सातवी पास. त्यानं मला गाडीतलं काही सांगावं हे मला गमतीचं वाटलं. शिवाय त्या चार नव्या चाकांवरून माझी नजरच हटत नव्हती. चंदेरी, सात पाकळ्यांची, मधोमध काळी टोपी. लोक त्यांना मॅगव्हील म्हणत आणि मीही मनातल्या मनात दिवसभर तोच शब्द घोळवत होतो.

त्याचं झालं असं. आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, आमची पांढरी मारुती तासगाव रस्त्यावरच्या एका खड्ड्यात अशी काही घातली की मागच्या दोन्ही चाकांच्या डिस्क वाकल्या. रसूलचं म्हणणं साधं होतं, कंपनीच्या मापाच्या दोन लोखंडी डिस्क टाका आणि विसरून जा. आबांचंही तेच. पण दसऱ्याला विट्यात माझा साखरपुडा होता आणि मुलगी बघायला गेलो होतो तेव्हाचा एक काटा माझ्या मनात रुतून बसला होता.

मुलीचे काका ट्रान्सपोर्टवाले, दारात बारा ट्रक. आम्हाला निरोप द्यायला ते गाडीपर्यंत आले, गाडीला एक फेरी मारली आणि वाकड्या डिस्कवर बुटाचं टोक टेकवून म्हणाले, “प्राध्यापकसाहेब, शिकवता गाड्या आणि फिरवता ही होय?” सगळे हसले. दारात उभी असलेली पद्मजाही हसली. तिनं तोंडाला पदर लावला होता, पण खांदे हलत होते. मला ती पोरगी पहिल्या क्षणापासून आवडली होती, म्हणून तर ते हसणं जास्त लागलं.

तेव्हाच मी ठरवलं की साखरपुड्याला या काकांची बोलती बंद करायची.

आबांना मी म्हटलं, “चाकांचं माझ्यावर सोडा. हा माझा विषय आहे.”

आबा चष्म्यावरून माझ्याकडे बघत म्हणाले, “विषय तुझा आहे, पण गाडी माझी आहे. वाट लावू नकोस म्हणजे झालं.”

कोल्हापूर रस्त्यावरच्या दुकानात मी खिशात व्हर्नियर घालून गेलो. व्हर्नियर घेऊन आलेलं गिऱ्हाईक त्या दुकानदारानं जन्मात पाहिलं नसावं. त्यानं लगेच चहा सांगितला. मी चार भोकांमधलं अंतर मोजलं, मधल्या भोकाचा व्यास मोजला, रिमचा व्यास मोजला, सगळं दोन-दोनदा वहीत लिहिलं. मापं दशांश चिन्हाच्या पुढच्या दोन घरांपर्यंत जुळली. दुकानदार म्हणाला, “साहेब, तुमच्यासारखी माणसं घेतात तेव्हा विकायला बरं वाटतं.” अष्टमीच्या दुपारी त्याचा टेम्पो नवी चाकं घेऊन रसूलच्या गॅरेजवर आला आणि जुन्या चारही डिस्क बदल्यात घेऊन थेट भंगारवाल्याकडे गेला. त्या संध्याकाळी मी एकट्यानं गाडी गणपतीच्या देवळापर्यंत नेऊन आणली. गाडी लोण्यासारखी चालली. रसूलचे शब्द मी तिथंच विसरलो.

दुसऱ्या दिवशी खंडेनवमी. सकाळी मी हौसाआत्याला आणायला बुधगावला गेलो.

हौसाआत्याबद्दल सांगायला हवं. मी सहा वर्षांचा असताना आई गेली. आबांनी तेराव्यानंतर मला आत्याच्या घरी पोचवलं आणि दहावी होईपर्यंत मी तिच्याकडे वाढलो. तिला मूलबाळ नव्हतं, मला आई नव्हती, त्यामुळे आमचं बरं जमलं. तिचे यजमान ज्ञानूमामा तीस वर्षं ट्रकवर. आत्याच्या नवऱ्याला आमच्याकडे मामाच म्हणतात. बेदाण्याच्या नाही तर आंब्याच्या खेपेला आत्या डबा घेऊन केबिनमध्ये त्यांच्या शेजारी बसून जायची आणि आल्यावर मला हुबळीच्या, सोलापूरच्या गोष्टी सांगायची. अंगानं ती भरभक्कम. बुधगावच्या गिरणीतल्या काट्यावर ती एकदा बसली होती, तेव्हा काटा ऐंशीला टेकला आणि गिरणीवाला हसला, तर तिनं दळण तसंच उचलून कवलापूरच्या गिरणीत नेलं. रुसण्यात तिचा हात कुणी धरत नसे.

साखरपुड्यात पद्मजाची ओटी तीच भरणार होती, आईच्या जागी. त्यासाठी दोन महिन्यांपूर्वीच तिनं खण आणून ठेवला होता, अंजिरी रंगाचा, लाल काठाचा. आल्यागेल्या प्रत्येक बाईला तो दाखवून झाला होता. “माझ्या पोराच्या बायकूची ओटी,” असं ती म्हणे.

मागच्या सीटवर आत्या आणि मामा बसले, दोघांच्या मध्ये तांदळाची पिशवी, नारळ आणि लाडवांचा डबा. मामा साखरपुड्याला येणार नव्हते, गुडघ्यांमुळे. ते फक्त दसऱ्यापुरते सांगलीला आमच्या घरी राहणार होते. गाडी गावाबाहेरच्या गतिरोधकावरून उतरली आणि मागून आवाज आला. खर्र.

“काय वाजलं रं?” आत्यानं विचारलं. ट्रकच्या इंजिनापायी मामांच्या कानांचं कामच आटोपलं होतं, ते खिडकीतून ऊस बघत होते.

“काही नाही. रस्ता खराब आहे.”

पुढचा गतिरोधक. खर्र, खर्र. या वेळी जळक्या रबराचा वासही आला.

आत्यानं खिडकीतून रस्त्याकडे पाहिलं. मग आरशातून माझ्याकडे पाहिलं.

“रस्ता,” ती म्हणाली. “हं.”

तिघांना घरी उतरवून, म्हणजे आत्या, मामा आणि लाडू, मी तसाच गॅरेजवर गेलो. रसूल आंघोळ करून, इस्त्रीचा सदरा घालून खुर्चीवर बसला होता. समोर पाटावर गॅरेजमधले सगळे पाने मापाप्रमाणे ओळीनं मांडलेले. जॅक, पकडी, हातोड्या, सगळ्यांना हळदीकुंकू, वर झेंडूची फुलं. उदबत्ती जळत होती.

“रसूल, मागचे टायर मडगार्डला घासतायत.”

“किती माणसं होती?”

“मागं दोन. आणि सामान.”

“पाच बसवून बघा म्हटलं होतं,” तो शांतपणे म्हणाला. तो खाली बसला, मागचं चाक आणि मडगार्डची कड यांच्यामध्ये त्यानं हात घालून बघितला. “बोट जात न्हाई, सर. चाक बाहेर आलंय.”

“मी सगळी मापं घेतली होती.”

“ही घेतली?” त्यानं रिमच्या आत हात घातला आणि चाक ज्या पाटीनं हबवर बसतं ती पाटी दाखवली. “ही पाटी आत किती खोल हाय? जुनीची खोल होती. हिची उथळ. म्हणून चाक बाहेर दोन बोटं. एकट्यानं चालवलं तर काय कळत न्हाई. माणसं बसली की गाडी खाली येती आन कड टायरवर टेकती.”

त्या पाटीच्या खोलीला आमच्या पुस्तकात ऑफसेट म्हणतात. मी दरवर्षी त्याची आकृती फळ्यावर काढायचो. गेल्या परीक्षेत सहा मार्कांचा प्रश्नही काढला होता आणि ज्यांना तो आला नाही त्यांच्या पेपरावर लाल शाईनं ‘अभ्यास कमी’ असं लिहिलं होतं.

“बरं, आता काय करायचं?”

“चार साध्या डिस्क आणायच्या, टाकायच्या. तासाचं काम.”

“मग टाक ना.”

रसूलनं पाटाकडे बोट दाखवलं. “आज पाना उचलायचा न्हाई, सर. आज त्यांचा दिवस. उद्या दुपारी पूजा उतरली की सगळ्यात आधी तुमची गाडी.”

“अरे, उद्या साडेअकराला विट्यात माझा साखरपुडा आहे!”

“मुबारक हो.”

“रसूल!”

“सर, माझे उस्ताद निवृत्तीमिस्त्री. त्यांच्या हाताखाली मी अकरा वर्षं काढली. त्यांनी खंडेनवमीला स्वतःच्या पोराची सायकल खोलली न्हाई. आता मी खोलू?”

“मग दुसरीकडे नेतो.”

“न्या की. उभ्या सांगलीत आज एक पाना हालणार न्हाई.”

तेही खरंच होतं. मी शेवटचा मार्ग काढला. “हातोडी तरी दे. मडगार्डची कड मीच आत ठोकतो.”

रसूल बाजूला झाला. “तिथंच हाय. तुमच्या हातानं उचला. मी बघत न्हाई,” असं म्हणून तो खरोखरच तोंड फिरवून बसला.

मी पाटासमोर गेलो. मोठ्या हातोडीला त्यानं झेंडूची अख्खी माळ घातली होती. हळदीकुंकू लावलेली ती हातोडी नवरदेवासारखी सजून बसली होती. माझा हात काही पुढे झाला नाही. मी तसाच घरी आलो.

घरी आबांनीही देवघरापुढे पाट मांडला होता. आजोबांचा विळा, घरची कुऱ्हाड, गाडीचा जॅक, नट खोलायचा पाना आणि अगदी मधोमध माझा व्हर्नियर. त्याच्यावर आबांनी कौतुकानं कुंकवाचं बोट टेकवलं होतं. मला त्या व्हर्नियरकडे बघवेना.

खरं म्हणजे सोपं होतं. आबांना सांगायचं, आबा, चुकलो, गाडी पाच माणसांना चालणार नाही. आबा दहा मिनिटं बोलले असते, मग काहीतरी सोय केली असती. दसऱ्याला भाड्याच्या गाड्या कधीच्याच ठरलेल्या होत्या, पण एखाद्या माणसाला एस.टी.नं पाठवता आलं असतं. पण कारण सांगावं लागलं असतं. आणि ते कारण एकदा नानांच्या, म्हणजे माझ्या थोरल्या चुलत्यांच्या कानी गेलं की विट्यात त्या बारा ट्रकवाल्या काकांच्या कानी जायला पाच मिनिटं पुरली असती. पद्मजा पुन्हा पदराआड हसली असती. माझं नाव धैर्यशील, पण ते आईनं हौसेनं ठेवलेलं आहे, माझ्याकडे बघून नव्हे.

तेव्हा मी विषय शास्त्रीय पद्धतीनं हाताळायचं ठरवलं.

दुपारी आबा आणि मामा आडवे झाले. मी गाडी परसात घेतली आणि कोठीतून ज्वारीचं पन्नास किलोचं पोतं ओढत ओढत आणून मागच्या सीटवर टाकलं. मग दुसरं. गाडी गल्लीतून एक फेरी मारून, गतिरोधकावरून आणली. आवाज नाही. घामाघूम होऊन मी तिसरं पोतं आणलं. मान वर केली तर परसदारच्या कट्ट्यावर आत्या झेंडूच्या माळा ओवत बसली होती.

“काय रं हे? ज्वारी कुठं निघाली?”

“गिरणीत. दळायला.”

“तीन पोती? दळायला?”

“हो, म्हणजे... साखरपुड्याचे पाहुणे येतील पुढंमागं.”

“आन गिरणी...” ती काहीतरी बोलणार होती. सुई हातात तशीच राहिली. मग तिनं पुढचं फूल ओवलं. “बरं,” ती म्हणाली.

तिसऱ्या पोत्यासकट गाडी गतिरोधकावरून गेली. खर्र.

म्हणजे मागच्या सीटवर शंभर किलोला गाडी गप्प, दीडशेला बोंब. मी तिन्ही पोती परत कोठीत ठेवली आणि वहीच्या मागच्या पानावर हिशेब मांडला. पुढे मी आणि आबा. मागे नाना, साठ. सुमनकाकू, त्यांच्या मंडळी, फार तर पंचेचाळीस. आणि आत्या, ऐंशी. आत्यासकट एकशे पंच्याऐंशी. आत्याशिवाय एकशे पाच.

त्या आकड्याखाली मी रेघ ओढली. मनात जो विचार आला तो मी लगेच झटकून टाकला, असं आज सांगितलं तर ते खोटं होईल. मी त्या आकड्याकडे बराच वेळ बघत बसलो.

दसऱ्याच्या सकाळी सात वाजता गाडी दारात उभी. चाकं पुसून लखलखीत केलेली, बॉनेटवर आत्यानं ओवलेली माळ. नाना टोपी घालून तयार, सुमनकाकू पैठणीत. आत्या नवी इरकल नेसून, केसात अबोलीचा गजरा माळून बाहेर आली. एका हातात ओटीची पिशवी, त्यातून अंजिरी खणाचा लाल काठ दिसत होता. मी तेव्हाच बोलायला हवं होतं. मी उगीचच आरसा पुसत होतो.

सुमनकाकू म्हणाल्या, “वन्सं, हळदीकुंकवाची कोयरी मी माझ्या पिशवीत घेतलीय हं.”

आत्या पायरीवरच थांबली. “का?”

“का म्हणजे? लागंल म्हणून.”

“ओटी मी भरणार आन कोयरी तुमच्या पिशवीत?”

“अहो, मग घ्या की तुमच्याकडं.” काकूंनी कोयरी काढून पुढे केली.

“आता नको. आता कळलं मला सगळं,” आत्या म्हणाली आणि तिथंच कट्ट्यावर बसली. “तुमीच भरा ओटी. माझं काय काम हाय तिथं?”

 काकूंचा चेहरा रडवेला झाला. नाना म्हणाले, “हौसे, सणासुदीला हे काय?” आबा म्हणाले, “अगं, तुझ्या हातानं ओटी भरायची म्हणून तर पोरगं इतके दिवस...” आत्या हाताची घडी घालून पेरूच्या झाडाकडे बघत बसली. आबांनी हात जोडले. तिनं मान फिरवली.

माझ्या आत काय चाललं होतं ते सांगायला आजही लाज वाटते. मला सुटल्यासारखं वाटलं. वरून मी घड्याळ बघितलं आणि म्हणालो, “आत्या, आजच्या दिवशी तरी! मुहूर्त टळेल. यायचं असेल तर ये, नाही तर आम्ही निघतो.”

‘चल’ हा एक शब्द मी म्हणालो नाही.

तिनं माझ्याकडे पाहिलं. मग ओटीची पिशवी उचलून काकूंच्या हातात दिली. “खण नीट ठेवा. चुरगाळंल,” एवढंच म्हणाली.

गाडी निघाली. नाना आणि काकू मागे, मधे फुलांची परडी. बुधगाव गेलं, कवलापूर गेलं, तासगाव गेलं. एकाही गतिरोधकावर गाडीनं तोंड उघडलं नाही. रस्ताभर आबा आत्याला बोल लावत होते आणि मी आपला गतिरोधक मोजत होतो.

विट्यात काकांनी गाडीला फेरी मारली. “वा! मॅगव्हील! प्राध्यापकसाहेब, मानलं तुम्हाला.” मग मागच्या चाकापाशी जरा वाकले. “थोडी बाहेर आलीत का?”

“तो तसाच लुक असतो,” मी म्हणालो.

“असंल, असंल,” ते म्हणाले. ओटी सुमनकाकूंनी भरली. अंगठ्या झाल्या, पेढे झाले. आम्हाला दोन मिनिटं बोलायला मिळाली तेव्हा पद्मजानं विचारलं, “तुमच्या आत्या कुठायत? तुम्ही फोनवर सारखे त्यांचंच सांगता.”

“रुसली,” मी म्हणालो.

“कशावरून?”

“कोयरीवरून.”

पद्मजा हसली नाही. “कोयरीवरून?” तिनं पुन्हा विचारलं. मी विषय बदलला.

घरी परतल्यावर आबा आत्यावर रागावून तडक आत गेले. मी आत्याला आपट्याची पानं दिली, पाया पडलो. तिनं माझ्या डोक्यावरून हात फिरवला.

“झालं सगळं झ्याक?”

“झालं.”

“गाडी नीट गेली न्हवं?”

“गेली की,” मी म्हणालो. मला वाटलं, म्हातारी समेटाला काहीतरी बोलायचं म्हणून बोलतेय. तासाभरात मी रसूलकडे गेलो. त्यानं पूजा उतरवली होती. चार साध्या डिस्क बसल्या, मॅगव्हील परत गेली, आबांना मी सांगितलं की रंग उडत होता. प्रकरण संपलं.

संपलं ते माझ्यापुरतं. आत्याच्या त्या रुसव्याची मात्र घराण्यात कायमची नोंद झाली. कुठल्याही लग्नात कुणी तोंड फुगवलं की नाना म्हणणार, “हिची हौसाआत्या झाली बघा.” कुणी कोयरी पुढे केली की दहा जणांनी आत्याकडे बघून हसायचं. माझ्या पोरांनासुद्धा ती गोष्ट पाठ होती. आबा तर जाईपर्यंत तिला म्हणत, “तुझ्या हातनं माझ्या सुनेची ओटी भरायची राहिली ती राहिलीच.” आत्या सगळ्यांबरोबर हसायची. कधी म्हणायची, “आसतोय एकेकाचा सोभाव.” मीही हसायचो.

मध्ये अठरा वर्षं गेली. आम्ही नवी मोठी गाडी घेतली. नवरात्र चालू होतं, म्हणून पहिल्याच दिवशी ती देवीच्या देवळात न्यायची असं पद्मजानं ठरवलं. बुधगावला जाऊन आत्याला घेतलं. मामा म्हणाले, माझे गुडघे येत नाहीत, त्यांना सोडून मी कसा येऊ? ऐकू आता मुळीच येत नव्हतं, पण विनोद शाबूत होता. आत्या अठ्ठ्याहत्तरची, अंगानं जरा उतरलेली. तिला मागच्या सीटवर खिडकीशी बसवलं, तिच्या शेजारी पद्मजा देवीच्या ओटीचं ताट मांडीवर घेऊन, पलीकडे आमचा ओंकार. पुढे माझ्या शेजारी ईशा.

“पप्पा, या अलॉयचा साइज काय?” ओंकारनं विचारलं. हल्लीच्या पोरांना सगळं माहीत असतं.

मी ऐटीत सांगायला लागलो. तेवढ्यात गावाबाहेरचा तो गतिरोधक आला. गाडी अलगद चढली आणि उतरली.

“पाच माणसं हायत,” मागून आत्या म्हणाली. “घासत न्हाई न्हवं रं ह्यात?”

मी गाडी बाजूला घेतली. कशी घेतली ते आठवत नाही.

“काय झालं?” पद्मजानं विचारलं.

मी मागे वळून आत्याकडे बघत होतो. ती खिडकीतून ऊस बघत होती आणि तिच्या ओठांच्या कडेला हसू होतं.

“तुला माहीत होतं?”

“तीस वर्सं ट्रकवाल्या माणसाबरोबर संसार केला. टायर कुठं घासतोय ते कळत नसंल होय मला?” ती म्हणाली. “आन खंडेनवमीला गिरणी कवापास्नं चालू असती रं? गिरणीवाला पट्ट्याला हळदीकुंकू लावून घरी झोपलेला असतोय. तीन पोती ज्वारी म्हणं!”

“आत्या... मग बोलली का नाहीस?”

“तू बोललास का?”

मी गाडीचं इंजिन बंद केलं. मग मी सगळं सांगितलं. मॅगव्हील, पाटी, पोती, वहीच्या मागच्या पानावरचा हिशेब, एकशे पंच्याऐंशी आणि एकशे पाच. पोरांसमोर, एकही आकडा न वगळता. अठरा वर्षं सगळ्या घरादारानं जिची चेष्टा केली ती बाई माझ्यासाठी रुसली होती, आणि मी तिला ‘चल’सुद्धा म्हटलं नव्हतं.

“म्हणजे कोयरी...” पद्मजा म्हणाली.

“सुमननं बिचारीनं कोयरी काढली म्हणून बरं झालं,” आत्या म्हणाली. “न्हाई तर मी नानाच्या टोपीवरनं रुसणार होते. त्या काकाच्या फुडं ह्याचं हसं हुणार, ह्याचा जीव टांगणीला. मला दिसत हुतं की. नुसता आरसा पुसाय लागला होता येड्यागत.”

ईशा खुदकन हसली आणि मग रडायलाच लागली. ओंकार माझ्याकडे असा बघत होता की त्यापेक्षा रसूलसमोर उभं राहणं सोपं होतं.

पद्मजानं मांडीवरचं ताट उचलून आत्याच्या मांडीवर ठेवलं. कुंकू, तांदूळ, नारळ, हळकुंड, सुपारी आणि हिरवा खण. मग सीटवर जमेल तेवढी आत्याकडे वळून तिनं पदर पुढे पसरला.

“भरा.”

“आगं, देवीची हाय ती.”

“देवी थांबेल. अठरा वर्षं मी थांबलेय.”

आत्यानं तिच्याकडे पाहिलं, मग ताटाकडे.  तिनं आधी पद्मजाला कुंकू लावलं, ते जरा वाकडं लागलं. मग खण ठेवला, नारळ ठेवला आणि दोन्ही हातांनी तांदळाची ओंजळ पदरात सोडली. थोडे तांदूळ नव्या कोऱ्या सीटवर सांडले. इतका वेळ हसणाऱ्या आत्यानं तेव्हा मात्र डोळ्यांना पदर लावला.

“चल,” मी म्हणालो. अठरा वर्षं उशिरा.

“कुठं?”

“देवीला दुसरा खण घ्यायला. आणि आत्या, तू निवडायचास.”

“अंजिरी घेऊ,” ती म्हणाली. “लाल काठाचा.”

मी गाडी बाजाराकडे वळवली. आत पाच माणसं होती, रस्ता खड्ड्यांनी भरला होता आणि कुठेही काही घासत नव्हतं.